'आणि संच' म्हणजे कोण? साथीदार वादकांच्या नावाचा आणि हक्काचा प्रश्न

एप्रिल महिना लागला की वर्धा जिल्ह्यात गावोगावी जयंतीची पत्रके छापली जातात. वर्धा शहर असो, हिंगणघाट, पुलगाव, आर्वी, देवळी, सेलू किंवा समुद्रपूर असो, पत्रकाचा साचा एकच. वर तथागत बुद्ध आणि बाबासाहेब, मधोमध गायक किंवा गायिकेचा मोठा फोटो, खाली उद्घाटक, अध्यक्ष, प्रमुख पाहुणे, मग आयोजन समितीचे वीस-पंचवीस चेहरे आणि शेवटी सौजन्य. मंडपवाल्याचे नाव असते, साउंडवाल्याचेही असते. गायकाच्या नावापुढे मात्र फक्त दोन शब्द असतात : 'आणि संच'.

ह्या दोन शब्दांत ढोलकीवाला, तबलेवाला, बँजोवाला, की-बोर्डवाला, पॅडवाला, बेस गिटारवाला आणि कोरसची मुले-मुली असे आठ-दहा जण कोंबलेले असतात. चार-चार तास ज्यांच्या हातांवर कार्यक्रम उभा राहतो, त्यांना समाज नावाने ओळखत नाही.

पत्रकावर जागा नव्हती म्हणून असे होते, असे कोणी म्हणेल. आमचे म्हणणे वेगळे आहे. 'आणि संच' ही एक व्यवस्था आहे. तिच्यात आधी नाव जाते, नावाबरोबर मोबदल्याचा हक्क जातो आणि म्हातारपणी, आपण आयुष्यभर कलावंत होतो हे सिद्ध करण्याचा पुरावाही जातो. ही व्यवस्था मुंबईच्या स्टुडिओत आहे, अमेरिकेत होती, देशाच्या कायद्यातही शिरली आहे. आणि ती आपल्या जयंतीच्या मंचावर आहे, म्हणून हा लेख.

बेसवाला नेमके काय करतो?

सगळ्या साथीदारांत ज्याच्याकडे सर्वांत कमी लक्ष जाते तो बेस गिटार वाजवणारा, म्हणून त्याचेच उदाहरण घेऊ. त्याच्या गिटारीला साधारणपणे चार जाड तारा असतात. तो गाण्याचा सर्वांत खालचा सूर धरतो. एका बाजूने तो ढोलकी किंवा ड्रमच्या ठेक्याला बांधलेला असतो, दुसऱ्या बाजूने की-बोर्डच्या सुरावटीला. ताल आणि सूर यांना जोडणारा सांधा तोच. श्रोते गुणगुणतात ती गायकाची चाल, पण पाय हलतो तो बेस आणि ठेक्यावर. बेस बंद केला तर तेच गाणे पोकळ वाटू लागते, पण नेमके काय गेले ते बहुतेकांना सांगता येत नाही.

स्टुडिओत अशा वादकाला 'सेशन' वादक म्हणतात. त्याला एका गाण्यापुरते, एका शिफ्टपुरते बोलावतात. रेकॉर्डिंग झाले, पैसे हातात पडले, की तो घरी जातो. पुढे ते गाणे पन्नास वर्षे रेडिओवर, लग्नात, मिरवणुकीत, मोबाइलवर वाजत राहिले तरी त्याचा हिशेब त्या शिफ्टपाशीच संपलेला असतो. मंचावरच्या साथीदाराचे तेच. गायक सुपारी घेतो, इसार घेतो, साथीदाराला रात्रीचे ठरलेले, आणि पुष्कळदा न ठरलेले, पैसे मिळतात.

मुंबईचा अनुभव

मुंबईच्या हिंदी चित्रपटसृष्टीत ही पद्धत मोठ्या प्रमाणावर रुजली. तिथल्या वाद्यवृंदांत गोव्याचे ख्रिस्ती, पारशी, मुस्लिम, शीख, बंगाली, मराठी असे शेकडो वादक होते. त्यांची संघटना होती, श्रेणी होत्या, शिफ्टचे दर होते. संघटनेमुळे दर मिळाला, ही मोठीच गोष्ट. पण नाव मिळाले नाही. संगीतकाराचे नाव पडद्यावर, गायकाचे तबकडीवर, आणि वादक कुठेच नाहीत.

गोव्यातल्या माजोर्डा गावचे अँथनी गोन्साल्विस (१९२७-२०१२) हे ह्या वाद्यवृंदांतले मोठे व्हायोलिनवादक. लक्ष्मीकांत-प्यारेलाल जोडीतले प्यारेलाल त्यांचे शिष्य. १९७७ मध्ये 'अमर अकबर अँथनी' चित्रपटातल्या एका गाण्यात शिष्याने गुरूचे नाव गुंफले आणि ते देशभर झाले. पण लोकांना ते नाव एका काल्पनिक पात्राचे म्हणून माहीत झाले. खऱ्या माणसाने काय वाजवले, हे त्या गाण्यावर नाचणाऱ्यांना ठाऊक नाही.

दुसरे उदाहरण चरणजित सिंग यांचे. १९६० च्या दशकापासून मुंबईच्या स्टुडिओंत बेस गिटार आणि पुढे सिंथेसायझर वाजवणारे हे वादक. शंकर-जयकिशन, आर. डी. बर्मन, लक्ष्मीकांत-प्यारेलाल अशा नामवंतांकडे त्यांनी काम केले. १९८२ साली त्यांनी स्वतःच्या नावाने एक तबकडी केली : 'सिंथेसायझिंग : टेन रागाज टू अ डिस्को बीट'. रोलँड कंपनीची टीबी-३०३ आणि टीआर-८०८ ही नवी यंत्रे आणि ज्युपिटर-८ हा सिंथेसायझर घेऊन त्यांनी दहा राग डिस्कोच्या ठेक्यावर वाजवले. टीबी-३०३ हे यंत्र मुळात बेसवादकाच्या जागी साथ करायला काढलेले होते. म्हणजे बेसवाल्याला घरी बसवू पाहणारे यंत्र एका बेसवाल्यानेच हाती घेतले आणि त्यातून नवे काही काढले. तबकडी त्या वेळी फारशी चालली नाही.

पुढे १९८७ मध्ये शिकागोच्या कृष्णवर्णीय तरुणांनी त्याच यंत्रातून 'अ‍ॅसिड हाऊस' नावाचा संगीतप्रकार जगापुढे आणला. नंतर एका डच संग्राहकाला चरणजित सिंग यांची जुनी तबकडी भारतात सापडली, २०१० मध्ये ती पुन्हा निघाली आणि जग चकित झाले, की हा माणूस हे पाच वर्षे आधीच करून बसला होता. वयाच्या सत्तरीत त्यांना युरोपातून बोलावणी आली. २०१५ मध्ये ते गेले.

ही गोष्ट लोक कौतुकाने सांगतात. आम्हाला तिच्यात एक साधा धडा दिसतो. ते सापडले, कारण त्या एका तबकडीच्या वेष्टनावर त्यांचे नाव छापलेले होते. ज्या असंख्य गाण्यांत त्यांनी इतरांच्या मागे बसून वाजवले, त्या गाण्यांनी त्यांना कोणी शोधत आले नाही. कला दोन्हीकडे त्याच हातांची होती. फरक छापलेल्या नावाचा होता.

आपला मालक झाला म्हणून शोषण संपते का?

अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांच्या लढ्याशी आपल्या चळवळीचे नाते जुने आहे. १९७२ मध्ये दलित पँथर उभी राहिली ती ब्लॅक पँथरकडे बघत. म्हणून तिकडचे एक उदाहरण आपल्या लोकांनी मुद्दाम अभ्यासावे.

१९५९ मध्ये डेट्रॉइट शहरात बेरी गॉर्डी या कृष्णवर्णीय उद्योजकाने 'मोटाऊन' ही रेकॉर्ड कंपनी काढली. गोऱ्यांच्या बाजारात कृष्णवर्णीयांच्या मालकीची कंपनी, कृष्णवर्णीय गायक, जगभर गाजलेली गाणी. अभिमान वाटावा असेच काम. ह्या कंपनीच्या स्टुडिओत जेम्स जेमरसन नावाचा बेसवादक होता. १९६० च्या दशकातल्या मोटाऊनच्या बहुसंख्य गाजलेल्या गाण्यांचा तळ त्याच्या एका बोटाने वाजवलेला आहे. आज जगातला प्रत्येक बेसवादक त्याच्यापासून शिकतो. पण त्या तबकड्यांवर त्याचे नाव नसे. १९७१ मध्ये मार्विन गे यांच्या 'व्हॉट्स गोइंग ऑन' ह्या तबकडीवर वादकांची नावे छापली गेली, तेव्हा कुठे लोकांना ते कळले. पुढे कंपनी लॉस एंजेलिसला गेली, जेमरसन मागे पडत गेला आणि दारूच्या व्यसनात १९८३ साली अवघ्या ४७ व्या वर्षी वारला. 'रॉक अँड रोल हॉल ऑफ फेम'ने त्याची दखल घेतली ती २००० साली, साथीदारांसाठी काढलेल्या वेगळ्या गटात.

लक्षात घ्या, इथे शोषण करणारी कंपनी गोऱ्यांची नव्हती. आपला माणूस मालक झाला, आयोजक झाला, म्हणजे मागे बसणाऱ्याला आपोआप न्याय मिळतो असे नाही. १९३८ मध्ये मनमाडच्या रेल्वे कामगार परिषदेत बाबासाहेबांनी कामगारांचे दोन शत्रू सांगितले होते : ब्राह्मणशाही आणि भांडवलशाही. आणि ब्राह्मणशाही म्हणजे एका जातीची माणसे नव्हेत, तर स्वातंत्र्य, समता, बंधुतेचा नकार, आणि तो कोणत्याही समाजात असू शकतो, हेही त्यांनी तिथेच स्पष्ट केले. ही व्याख्या आपण दुसऱ्यांना मोजायला वापरतो. स्वतःच्या मंचालाही ती लावून पाहावी लागेल.

कायद्यातले परंतुक

आता आपल्या देशाच्या कायद्याकडे येऊ. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात सादरकर्त्या कलावंताचा हक्क १९९४ च्या दुरुस्तीने आला. हा हक्क आज ५० वर्षे टिकतो. २०१२ च्या दुरुस्तीने त्याला आणखी बळ दिले. कलम ३८-अ प्रमाणे सादरीकरणाचा व्यापारी वापर झाला तर कलावंताला रॉयल्टीचा हक्क आहे. कलम ३८-ब प्रमाणे 'हे मी सादर केले आहे' अशी ओळख मागण्याचा आणि आपल्या सादरीकरणाची मोडतोड रोखण्याचा हक्क आहे. सादरकर्त्याच्या व्याख्येत नट, गायक, वादक, नर्तक, कसरत करणारा, बाजीगर, जादूगार, गारुडी, व्याख्यान देणारा असे सगळे येतात. फार चांगले.

पण त्याच २०१२ च्या दुरुस्तीने व्याख्येला एक परंतुक जोडले. त्याचा अर्थ असा : चित्रपटात ज्याचे काम प्रासंगिक किंवा आनुषंगिक स्वरूपाचे आहे, आणि धंद्याच्या नेहमीच्या रिवाजानुसार ज्याचे नाव श्रेयनामावलीसह कुठेही दिले जात नाही, त्याला सादरकर्ता मानले जाणार नाही. त्याच्याकडे फक्त मोडतोड रोखण्याचा हक्क उरतो. ओळख मागण्याचा हक्क नाही, रॉयल्टी नाही.

पुन्हा वाचा. 'नाव दिले जात नाही' हा अन्याय आहे. कायद्याने त्या अन्यायालाच कसोटी करून टाकले. धंद्याचा रिवाज आहे म्हणून नाव नाही, नाव नाही म्हणून तो कलावंत नाही, कलावंत नाही म्हणून त्याला नाव मागता येत नाही. रूढी आधी, कायदा नंतर, आणि कायदा रूढीला शिक्का मारणारा. ही रचना आपल्या समाजाला नवी नाही. पाणवठ्यावर येण्याचा रिवाज नाही म्हणून हक्क नाही, आणि हक्क नाही म्हणून येता येत नाही, हाच तर्क महाडच्या चवदार तळ्यावर आपल्या लोकांना ऐकवला गेला होता.

कोणी म्हणेल, हे परंतुक गर्दीतल्या नटांसाठी आहे, वादकांसाठी नाही. बेस वाजवणे हे 'प्रासंगिक' काम नाही, असे न्यायालयात नक्कीच म्हणता येईल, आणि म्हटलेही पाहिजे. पण सिद्ध कोणी करायचे? ज्याच्याकडे ना करार, ना पावती, ना नाव, त्याने? समोर कंपनीचे वकील असताना? शिवाय कायद्याच्या व्याख्येत चित्रपट म्हणजे केवळ थिएटरात लागणारा सिनेमा नव्हे. दृश्य मुद्रण आणि त्याच्यासोबतचा आवाज हे सगळे त्यात येते. म्हणजे यूट्यूबवर चढवलेल्या भीमगीताच्या व्हिडिओतही हाच प्रश्न उभा राहू शकतो.

२०१३ मध्ये गायकांनी रॉयल्टी वसुलीसाठी स्वतःची संस्था उभी केली, आणि पुढे तिच्या नावात वादकही आले. हे पाऊल योग्यच आहे. अमेरिकेत १९९५ च्या कायद्याने इंटरनेट रेडिओसारख्या डिजिटल प्रसारणाच्या परवाना शुल्कातले पाच टक्के मागच्या साथीदारांसाठी राखून ठेवले, अडीच टक्के वादकांना आणि अडीच टक्के कोरसला. पाच टक्के थोडेच आहेत. पण साथीदार हा हिस्सेदार आहे हे तिथे कायद्यात लिहिले गेले. आपल्याकडे तेवढेही लिहिलेले नाही.

वतनाची आठवण

१९२८ मध्ये बाबासाहेबांनी मुंबई विधिमंडळात महार वतनासंबंधी विधेयक मांडले. वर्धा तेव्हा मध्य प्रांतात होते, पण वतनाची ती कहाणी आपल्या सगळ्यांची आहे. वतनाविरुद्ध त्यांची तक्रार काय होती? कामाची यादी ठरलेली नाही. वेळ ठरलेली नाही, रात्री-अपरात्री कधीही बोलावणे येणार. मोबदला ठरलेला नाही, तो गावाच्या मर्जीवर. नाव एकाचे, राबणार सगळे घर. त्यांना हवे होते ठरलेले काम आणि ठरलेला रोख पगार. उपकार नव्हे, हक्क.

आता जयंतीच्या मंचावरचा साथीदार पाहा. कार्यक्रम आठचा, सुरू होणार दहाला, कारण पाहुणे यायचे आहेत. संपणार दोनला, कारण नेत्याच्या फर्माइशी आहेत. पैसे गायकाला मिळाले की मग त्याला. समितीने गायकाचे थकवले तर साथीदाराचे आधी थकतात. प्रवासखर्च त्यातच, वाद्य बिघडले तर दुरुस्तीही त्यातच. बाकी दहा महिने तो जिनिंगमध्ये, वायरमनच्या हाताखाली, नाहीतर दुसऱ्याच्या ऑटोवर असतो. वतन आणि साथसंगत या गोष्टी एक नव्हेत. साथीदार जन्माने बांधलेला नाही, तो नकार देऊ शकतो. पण न ठरवण्यातून माणूस कसा दाबला जातो ती युक्ती तीच आहे.

गावगाड्यात वाजवणे हेही जातीचे काम होते. मांग समाजाने सनई-हलगी वाजवायची, आणि लग्नात सगळ्यात शेवटी जेवायचे. लग्न त्यांच्याशिवाय लागत नसे, पण लग्नाच्या पंगतीत त्यांना जागा नसे. १९३६ च्या 'अ‍ॅनिहिलेशन ऑफ कास्ट'मध्ये बाबासाहेबांनी दाखवून दिले की जात नुसती कामे वाटून देत नाही, काम करणाऱ्या माणसांनाच एकावर एक रचते. मंचावर पुढे कोण, मागे कोण, हे कलेच्या गरजेने ठरते, त्याला आमचा आक्षेप नाही. मागे बसणारा माणूस म्हणून खालचा ठरतो, तिथे आमचा आक्षेप सुरू होतो.

म्हातारपणी पुरावा कुठून आणायचा?

आम्ही समाजकार्याच्या निमित्ताने लोकांचे अर्ज भरतो, म्हणून ही बाजू आम्हाला जवळून दिसते. राज्य शासनाची वृद्ध कलावंत मानधन योजना आहे. आता तिचे नाव राजर्षी शाहू महाराज ज्येष्ठ साहित्यिक व कलावंत मानधन सन्मान योजना. पूर्वी तिच्यात श्रेणी होत्या, २०२४ पासून पात्र कलावंताला महिन्याला सरसकट ५,००० रुपये. गरीब घरातल्या म्हाताऱ्या वादकाला हे पैसे म्हणजे औषध आणि किराणा.

पण अर्जासोबत कलावंत असल्याचे पुरावे लागतात : प्रमाणपत्रे, कात्रणे, कार्यक्रमपत्रिका, फोटो. गायक फाइल घेऊन येतो. तीस वर्षे त्याच्या मागे ढोलकी किंवा बेस वाजवणारा माणूस काय आणणार? कात्रणात लिहिलेले असते 'आणि संच'. फोटोत गायकाच्या खांद्यामागे अर्धा चेहरा दिसतो. तपासणाऱ्या माणसाने कागद मागितला तर त्याच्यावर रागावून उपयोग नाही. तो कागद तयार करणे ही आयोजकांची जबाबदारी होती, आणि आयोजक आपणच होतो.

तीन आक्षेप

हे बोललो की तीन उत्तरे मिळतात. त्यांचा विचार करू.

पहिले : "लोक गायकाच्या नावावर येतात, तर पैसा आणि नाव गायकालाच मिळणार." गायकाला जास्त मिळावे, याला आमची हरकत नाही. हिंगणघाटच्या वैशाली माडे यांनी आपल्या जिल्ह्याचे नाव देशभर नेले, २००९ मध्ये हिंदी 'सारेगमप' जिंकले, त्याचा आम्हाला अभिमान आहे. शून्यातून आलेल्या कलावंताचे मोठे नाव ही समाजाची कमाई असते. पण गायकाला जास्त मिळणे आणि वादकाला काहीच न ठरवता मिळणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. पत्रकावर आठ नावे वाढवल्याने गायकाचे नाव लहान होत नाही. ए. आर. रहमान यांनी आपल्या अल्बमवर वादकांची नावे छापायला सुरुवात केली, त्याने रहमान लहान झाले नाहीत. उलट चेन्नईचे बेसवादक कीथ पीटर्स यांच्यासारखी नावे श्रोत्यांना माहीत झाली.

दुसरे : "साथीदार काय, एक गेला तर दुसरा मिळतो. नाहीतर ट्रॅक लावू." ट्रॅक लावता येतो हे खरे. आज अनेक ठिकाणी पेन-ड्राइव्हवरच कार्यक्रम होतो. पण त्या ट्रॅकमध्येही कोणीतरी वाजवलेलेच असते. आणि उद्याचा गायक कुठून येणार? प्रल्हाद शिंदे इस्माईल आझाद यांच्या कव्वाली पार्टीत कोरसमध्ये गात होते. म्हणजे एकेकाळी प्रल्हाददादा स्वतः 'आणि संच' होते. संच संपवला तर उद्याचे प्रल्हाद शिंदे कोणत्या पेन-ड्राइव्हमधून काढणार आहोत?

तिसरे उत्तर सर्वांत गोड आणि म्हणून सर्वांत घातक : "हे मिशन आहे, धंदा नाही. बाबासाहेबांच्या कामात पैशाची गोष्ट कशाला?" ठीक आहे. मग मंडपवाल्याला मिशन का सांगत नाही? जनरेटरवाल्याला, बॅनर छापणाऱ्याला, डीजेवाल्याला का सांगत नाही? त्यांची बिले येतात आणि ती चुकवली जातात. मिशन फक्त त्यालाच ऐकवले जाते ज्याच्याकडे बिल फाडायचे पुस्तक नाही. वामनदादा कर्डकांनी आणि जलसाकारांनी पोटाला चिमटा काढून चळवळ उभी केली, हे खरेच आहे. पण त्यांनी स्वतः केलेला त्याग दुसऱ्याकडून वसूल करण्याचा अधिकार आपल्याला कोणी दिला? त्याग स्वतः करायचा असतो. दुसऱ्याकडून सक्तीने करवून घेतला की त्याचे नाव वेठबिगार.

भीमराव कर्डकांनी आंबेडकरी जलशांचा इतिहास पुस्तक लिहून नोंदवला, म्हणून आज आपण जलशांविषयी अभिमानाने बोलू शकतो. ज्यांची नोंद झाली नाही ते गेले. नोंद ठेवणे हेसुद्धा चळवळीचेच काम आहे.

काय करता येईल?

कायदा बदलायला वेळ लागेल. पण पुढच्या जयंतीच्या आधी वर्धा जिल्ह्यातली कोणतीही समिती पुढील गोष्टी करू शकते. ह्याला फार पैसा लागत नाही.

एक. पत्रकावर, बॅनरवर 'आणि संच' छापू नका. प्रत्येक वादकाचे आणि कोरसगायकाचे नाव वाद्यासह छापा. निवेदकाने मध्यंतरी घाईत नव्हे, तर सुरुवातीलाच नावे घ्यावीत.

दोन. एक पानाचा करार करा. कोण येणार, कोणते वाद्य वाजवणार, किती वाजता सुरू आणि किती वाजता संपणार, कोणाला किती रक्कम, प्रवास आणि जेवण कोणाकडे. गायकाशी करार करतानाच साथीदारांचे आकडे त्यात वेगळे लिहा, आणि त्याच रात्री ज्याचे त्याच्या हातात किंवा खात्यात द्या.

तीन. कार्यक्रमाचे चित्रीकरण यूट्यूबवर टाकायचे असेल तर सगळ्यांची लेखी संमती घ्या आणि व्हिडिओखाली सगळ्यांची नावे द्या. त्यातून कमाई झाली तर वाटा कसा, हेही आधीच लिहा. हा कागद उद्या कायद्यापुढे उभा राहील.

चार. कार्यक्रम संपल्यावर प्रत्येक साथीदाराला तारीख आणि शिक्क्यासह प्रमाणपत्र द्या. पाहुण्यांना शाल-श्रीफळ देतो, त्याच्या निम्म्या खर्चात दहा प्रमाणपत्रे होतात. वीस वर्षांनी त्याच कागदावर कोणाचे तरी मानधन मंजूर होईल.

पाच. तालुक्यातालुक्यांतल्या जुन्या साथीदारांची यादी करा. कोण कोणासोबत, कोणत्या काळात, काय वाजवत होते, ते जिवंत असताना विचारून लिहून घ्या. समाजकार्याचे आणि समाजशास्त्राचे विद्यार्थी हे काम सहज करू शकतात.

सहा. कॉपीराइट कायद्यातले ते परंतुक रद्द करावे, किमान वादक आणि कोरसगायक त्यातून स्पष्टपणे वगळावेत, अशी मागणी आपल्या संघटनांनी आणि लोकप्रतिनिधींनी लावून धरावी. कलावंतांचा प्रश्न म्हणजे फक्त पुरस्काराचा प्रश्न, असे समजणे आता सोडले पाहिजे. तो कामगारांचाही प्रश्न आहे.

व्हाइसरॉयच्या मंत्रिमंडळात १९४२ ते १९४६ श्रम खाते सांभाळताना बाबासाहेबांनी कामाचे तास, मजुरी, सुरक्षितता यांची भाषा कायद्यात आणली. स्वतः व्हायोलिन शिकणारा तो माणूस होता. वाजवणे म्हणजे किती मेहनत असते हे त्यांना पुस्तकातून कळलेले नव्हते. त्यांच्याच जयंतीला चार तास वाजवून माणूस रात्री अडीचला किती मिळणार हे माहीत नसताना घरी जातो, हे आपल्याला मान्य आहे का, एवढाच आमचा प्रत्येक समितीला प्रश्न आहे. मान्य नसेल तर पुढच्या पत्रकाचा मजकूर छापखान्यात जाण्याआधी आठ नावे लिहून पाठवा.

जयभीम! नमो बुद्धाय!